उसना आवाज

माद्रिद, ४ फेब्रुवारी १९६६

लेआंद्रो,

फाबियानचा आवाज गेला. माणूस आहे, आवाज गेला. नाताळाच्या आधी डॉक्टरांनी त्याच्या गळ्यातली गाठ काढली, आणि तिच्याबरोबर स्वरयंत्रही काढावं लागलं. आता मानेला एक भोक आहे, त्यातून तो श्वास घेतो, आणि वरून रेशमी रुमाल बांधून जहागीरदाराच्या थाटात घरभर हिंडतो. मी त्याला लिहायला पाटी आणून दिली. त्यानं तिच्यावर कांदा चिरला.

तू म्हणशील, कासिल्दाला दुसरा भाऊ आठवला तो कामापुरता. म्हण बापडा. बाजारात ऑलिव्ह विकणाऱ्या बाईला याहून वाईट रोज ऐकावं लागतं. पण पत्र पुरतं वाच.

गेल्या उन्हाळ्यात त्याला पहिल्यांदा मुख्य भूमिका मिळाली. इतकी वर्षं हा प्रत्येक सिनेमात असतो आणि कुठल्याच जाहिरातीवर नसतो. तू तिकडे तुलूजमध्ये त्याचं काही पाहिलं नसशील, किंवा पाहिलंस तरी कबूल करणार नाहीस, म्हणून सांगते. इथे तो चर्चमधला घंटा वाजवणारा असतो, नगरपालिकेचा शिपाई असतो, बायकोला टरकणारा औषधविक्या असतो. पुढे नायक-नायिका गोडगोड बोलत असतात, मागे हा ट्रे धरून उभा असतो, आणि अख्खं थिएटर त्या ट्रेकडे बघत असतं. एकदा त्याला फक्त बिशपसाठी दार उघडायचं होतं. त्यानं आधी बाहीनं दाराची मूठ पुसली. बिशपनं जाता जाता, सहज, त्या बाहीला हात लावून आशीर्वाद दिला. बिशप गेले, आणि हा आपल्या बाहीकडे बघत उभा राहिला. आता ही धुवायची की जपून ठेवायची, हे त्याला कळेना. तोंडातून एक शब्द नाही. मी तो सिनेमा त्या बाहीसाठी पुन्हा पुन्हा पाहिला आहे, आणि दर वेळी माझ्या शेजारची अनोळखी माणसं हसून माझ्या अंगावर पडली आहेत.

नव्या सिनेमातली भूमिका कोणाची, ते सांगायला जरा जड जातंय. गावात दवंडी देणाऱ्याची आहे. हो, बाबांच्या धंद्याची. सरपंच कचेरीवर भोंगा बसवतो आणि दवंडीवाल्याची नोकरी जाते, अशी गोष्ट आहे. दिग्दर्शक बाराचिना नावाचा एक पोरगेला माणूस आहे, त्याचा फाबियानवर जीव आहे.

आपल्याकडे सिनेमा कसा काढतात ते तुला ठाऊक नसेल. चित्रीकरणाच्या वेळचा आवाज धरत नाहीत. कॅमेरा खडखडत असतो, दिग्दर्शक मध्येच ओरडत असतो, कोणी जेवत असतं. बोलणं नंतर भरतात, अंधाऱ्या खोलीत पडद्याकडे बघत, तुकड्या-तुकड्यानं. नटाला वेळ नसला तर त्याच्या तोंडात दुसऱ्याचा आवाज घालतात आणि कोणाला त्याचं काही वाटत नाही. फाबियानचं चित्रीकरण ऑक्टोबरात संपलं. आवाज भरायच्या आधी गळा गेला.

म्हणजे आयुष्यातली एकुलती एक मोठी भूमिका तयार आहे आणि ती मुकी आहे. निर्मात्यानं सेन्योर गालार्सांना बोलावायचं ठरवलंय. तेच ते, अमेरिकन सिनेमांतल्या घोडेस्वारांना स्पॅनिश बोलायला लावणारे. भारदस्त, तुपाळ आवाज. आपल्या फाबियानचा आवाज कसा होता, तुला सांगायला नको. तेल न घातलेली बिजागरी. वाक्याच्या शेवटी चढून फुटणारी. तसा आवाज साऱ्या स्पेनमध्ये आणखी एकाच माणसाचा होता, आणि तो माणूस बॅग उचलून फ्रान्सला गेला. दाराआडून तुम्हा दोघांपैकी कोण बोलतंय ते आईला कधी कळलं नाही. थप्पड नेहमी भलत्यालाच बसायची.

तू ये. चार-सहा दिवसांचं काम आहे. त्याला मी काही सांगितलेलं नाही.

कासिल्दा


माद्रिद, १९ फेब्रुवारी

लेआंद्रो,

तुझं कार्ड मिळालं. "त्यानं बाबांना एकदा विकलं. दुसऱ्यांदा विकायला माझा आवाज मागू नको." छान लिहिलंस. सुतारकाम सोडून वकिली करायला हवी होतीस.

आता माझं ऐक. हे मी तुला, तू गेलास त्याच वर्षी लिहिलं होतं, पण तू पाकीट न फोडता परत पाठवलंस. या वेळी कार्ड आलं, म्हणजे निदान पाकीट फोडलंस.

ती रात्र आठव. चर्चच्या भिंतीवर चादर बांधलेली, सगळं गाव घरून खुर्च्या घेऊन आलेलं. आपल्या फाबियानचा सिनेमा लागलाय म्हणून बाबा इस्त्रीचा शर्ट घालून पहिल्या रांगेत. फाबियानचं काम दोन मिनिटांचं होतं. दवंडीवाला, बाबांसारखा डावा पाय ओढत चालणारा, निम्मी दवंडी विसरणारा आणि उरलेली पदरची घालणारा. खेचरांच्या लशीची सूचना आणि मासळीबाजारात ताज्या सार्डिन आल्याची बातमी त्यानं एकात एक मिसळली, "ज्यांच्याकडे सार्डिन असतील त्यांनी त्या लस टोचायला कचेरीसमोर हजर कराव्यात." हे बाबांनी खरंच केलं होतं, आपण शाळेत असताना. दुसऱ्या दिवशी दोन म्हाताऱ्या सार्डिन घेऊन आल्याही होत्या.

गाव हसलं. नुसतं हसलं नाही, खुर्च्या फिरवून बाबांकडे तोंड करून हसलं. बाबा उठले आणि अंधारात निघून गेले. तू आपली खुर्ची उचललीस, फाबियानच्या पाठीत मोडलीस, आणि सकाळची बस पकडलीस.

लेआंद्रो, बाबा लघवीला गेले होते.

हसून हसून त्यांना धरवेना. परत आले तेव्हा तू खुर्ची मोडून पसार झाला होतास, आणि सिनेमाही बंद पडला होता, कारण तुमच्या मारामारीत कोणीतरी मशीनला धडकलं. घरी आल्यावर मी फाबियानच्या पाठीला व्हिनेगरच्या पट्ट्या लावत होते, तेव्हा बाबा चुलीजवळ बसून म्हणाले, "हसू दे. पण पोराची दवंडी त्यांनी शेवटपर्यंत ऐकली. माझी आजवर कोणी पुरी ऐकली नाही."

त्यानंतर लोक बाबांना रस्त्यात अडवून सार्डिनची दवंडी मागायचे आणि बाबा द्यायचे. खरं सांगू? त्या दिवसापासून बाबा जरा जास्तच लंगडायला लागले. गेले ते न्यूमोनियानं, शेवटपर्यंत त्यांचा हात माझ्या हातात होता. लाजेनं माणूस मरत असता तर माझा नवरा लग्नातच गेला असता.

तू चुकीच्या गोष्टीचा राग धरून बसलास आणि तो इतका नीट सांभाळलास की आता तो टाकवत नाही. तुझा स्वभाव मला माहीत आहे. पण फाबियाननं तुझ्याबद्दल या घरात एकदाही वाकडा शब्द काढला नाही. पाठीत उसण भरली की म्हणायचा, लेआंद्रोचा हात जड, सुतार चांगला होणार.

कासिल्दा


माद्रिद, २ मार्च

लेआंद्रो,

तुझं उत्तर नाही. तरी लिहिते, कारण दिवस थोडे उरलेत.

काल गालार्सांचा नमुना ऐकायला बोलावलं होतं. मी फाबियानबरोबर गेले. त्यांनी पडद्यावर फाबियान दाखवला. तो चौकात येतो, तुतारी फुंकतो, थुंकीनं ओठ ओले करतो आणि तोंड उघडतो. आणि त्या वाळक्या, चिमणीएवढ्या तोंडातून दुसऱ्याच कोणाचा, घोड्यावर बसलेला, रुंद छातीचा आवाज बाहेर आला. खोलीतले दोघे-तिघे हसले. गालार्सा भला माणूस, ते तरी काय करणार. त्यांनी स्वतःच हात जोडले आणि म्हणाले की हा माणूस माझ्या आवाजात मावत नाही.

फाबियान उठला, टोपी घातली, गालार्सांना मिठी मारली आणि बाहेर पडला. टॅक्सीत ड्रायव्हरनं त्याला आरशातून ओळखलं. सगळेच ओळखतात, मटणवाला तर त्याच्यासाठी मूत्रपिंडं बाजूला काढून ठेवतो. ड्रायव्हर म्हणाला, साहेब, तेवढं ते औषधविक्याचं वाक्य म्हणा ना. फाबियाननं तोंड उघडलं, ओठ हलवले, भुवया उडवल्या, बोटं नाचवली, सगळं वाक्य जसंच्या तसं म्हटलं, फक्त आवाज नाही. ड्रायव्हर इतका हसला की त्याला गाडी कडेला घ्यावी लागली. त्याला ती नवीन गंमत वाटली. भाडं घेईना. घरी येऊन फाबियान स्वयंपाकघरात भिंतीकडे तोंड करून बसला. मी त्याला असं पाहिलेलं नाही, आई गेली तेव्हाही नाही.

मला त्याची कीव येत नाही, तूही करू नकोस. राग येतो मला. ज्या माणसानं उपाशी देशाला हसवलं, भाकरीच्या रांगेत उभ्या बायका ज्याची नक्कल करून वेळ काढायच्या, त्याच्या एकुलत्या एका मोठ्या कामात परक्या माणसाचा आवाज असावा? बाराचिनानं निर्मात्याच्या हातापाया पडून महिनाअखेरपर्यंत मुदत मागून घेतली आहे. म्हणतो, बाई, तुमचा भाऊ आला नाही तर मी हा सिनेमा मुकाच दाखवीन आणि नोकरी घालवीन. नोकरी घालवील, मुका मात्र कोणी दाखवू देणार नाही.

गाडी सरहद्दीवर इरूनला बदलावी लागते, तिथे सूप बरं मिळतं. किल्ली खालच्या चौकीदारणीकडे ठेवली आहे. ओडेटला माझा नमस्कार. तिला सांग, नणंद कजाग आहे पण स्वयंपाक येतो.

कासिल्दा


माद्रिद, २८ मार्च

लेआंद्रो,

सुखरूप घरी पोचलास, कळलं. तू आलास ते मी कोणाला सांगितलं नाही, चौकीदारणीला सोडून, म्हणजे सगळ्या गल्लीला ठाऊक आहे.

पहिल्या सकाळी तू स्टुडिओच्या दारात उभा राहिलास आणि फाबियाननं धावत येऊन तुझ्या गळ्यातला मफलर ओढून खिडकीबाहेर फेकला. तू पांढराफटक पडलास. तुला वाटलं, भाऊ हिशेब चुकता करतोय. अरे, मफलर पिवळा होता. आपल्या नटमंडळींत पिवळ्याहून मोठा अपशकुन नाही. पिवळं दिसलं की खेळ बंद करतात, एका नटीनं नवऱ्याला पिवळ्या टायवरून सोडल्याचं मला माहीत आहे. तिथला प्रत्येक जण भिंतीला चिकटला होता, आणि तुला वाचवायला धावला तो फाबियानच. त्यानंतर त्यानं आपला रेशमी रुमाल सोडून तुझ्या गळ्यात बांधला आणि उघड्या भोकानं दिवसभर वावरला, ते तू पाहिलंस. ओडेटनं विणलेला होता ना? तिला सांगू नकोस. म्हण, गाडीत राहिला.

जे तू पाहिलं नाहीस ते सांगायला हे पत्र लिहितेय. तुझे डोळे पडद्यावर होते. फाबियान तुझ्या मागे उभा, हात तुझ्या मानेवर. दाबला की बोलायचं, उचलला की थांबायचं. सुताराच्या हाताला मापं कळतात, तोंडाला कळत नाहीत, आणि पहिले दोन दिवस तुझी वाक्यं कधी ओठांच्या पुढे पळायची, कधी मागे रेंगाळायची. बाराचिनानं केस उपटले. फाबियान हलला नाही. मी काचेपलीकडून त्याचा चेहरा बघत होते. तू बोलायचास तेव्हा त्याचे ओठ तुझ्याबरोबर हलायचे, आणि तुझ्या आवाजाचा शेवट जिथे चढून फुटतो तिथे त्याच्या कपाळाची शीर फुगायची. तिसऱ्या दिवशी दुपारनंतर मला कळेना की कोण बोलतंय. ध्वनिमुद्रण करणारा माणूसही मान खाली घालून ऐकत होता, पडद्याकडे बघत नव्हता.

मग तो शेवटचा तुकडा. रिकामा चौक, वर भोंगा लागलेला, आणि दवंडीवाला सवयीनं येऊन उभा. "सरपंचांच्या हुकुमावरून सगळ्यांना कळवण्यात येतं की, उद्यापासून काहीही कळवण्यात येणार नाही." एवढं म्हणून तो पाय ओढत निघून जातो. तो पाय बघून तू मध्येच थांबलास. म्हणालास, "हे बाबाच आहेत. मला नाही जमणार." आणि बाहेर निघून गेलास.

तू जिन्यावर सिगारेट ओढत होतास तेव्हा आत काय झालं ते सांगते. बाराचिना म्हणाला, राहू द्या, हा तुकडा गालार्सांकडून करून घेऊ. फाबियाननं मान हलवली. त्यानं बोटानं खूण करून तो तुकडा परत लावायला लावला, आणि स्वतः पडद्याच्या खाली जाऊन बाबांच्या चालीनं चालू लागला. तिथे कोणी बाबांना पाहिलेलं नव्हतं. मी पाहिलं होतं. लेआंद्रो, तो फक्त पाय नव्हता. आई दारात उभी असली की बाबा जरा ताठ चालायचे, तेही त्यात होतं. दवंडी संपल्यावर कोणी हाक मारील म्हणून क्षणभर रेंगाळायचे, तेही होतं. माणसावर इतकी बारीक नजर माया असल्याशिवाय राहत नाही. मी रडले, ध्वनिमुद्रणवाला हसला, आणि दोन्ही बरोबर होतं.

तू दारात येऊन उभा राहिला होतास हे मला नंतर कळलं. किती वेळ उभा होतास, ते तुलाच माहीत.

मग तू म्हटलंस. ओठांपेक्षा आवाज जरा मागे पडला आणि "काहीही" वर तो फुटला. ध्वनिमुद्रणवाला म्हणाला, जुळलं नाही, परत घ्यावं लागेल. फाबियाननं हात वर केला. त्या स्टुडिओत त्याचा हात वर गेला की काम संपतं. तो तुकडा तसाच ठेवला आहे.

कासिल्दा


माद्रिद, १४ नोव्हेंबर

लेआंद्रो,

सिनेमा लागला. मोठ्या रस्त्यावरच्या थिएटरात, दारावर त्याचं चित्र, दोन मजली. रंगवणाऱ्यानं नाक लहान केलंय, फाबियानला ते आवडलं नाही.

तुझं नाव कुठेही नाही. दुसऱ्याचा आवाज घातला तर नाव देत नाहीत, तशी रीतच आहे. वर्तमानपत्रांना काही ठाऊक नाही. एकानं लिहिलंय की या नटाचा आवाज वयाबरोबर पिकला आहे, त्यात आता एक जखम ऐकू येते. हे मी मोठ्यानं वाचून दाखवलं तेव्हा फाबियान टेबलाभोवती कोंबड्याच्या ऐटीत एक चक्कर मारून आला. मग थांबला, उत्तरेकडच्या, तुझ्या बाजूच्या भिंतीला तोंड केलं आणि टोपी काढली.

थिएटरात आम्ही मागच्या रांगेत बसलो होतो. लोक दोन तास हसत होते. शेवटच्या दवंडीला आधी हसले, मग ते हसू कुठेतरी मध्येच राहिलं, आणि तो पाय ओढत चौकातून जाईपर्यंत कोणी खुर्ची वाजवली नाही. दिवे लागल्यावर सगळे मागे वळून आमच्याकडे बघत उभे राहिले आणि टाळ्या वाजवू लागले. फाबियान उठला, वाकला आणि पुन्हा बसला. त्याला उभं राहवेना.

कारण सांगते. गाठ परत आली आहे. वसंत ऋतूपर्यंत तो राहील असं डॉक्टर बोलत नाहीत. त्याला सगळं माहीत आहे, तो माझ्यासमोर कळत नसल्याचं सोंग करतो, आणि मी फसल्याचं सोंग करते. आयुष्यात पहिल्यांदा मी त्याच्याबरोबर काम करतेय आणि तो मला वरचढ ठरू देत नाही.

तू येतोस म्हणशील. ये, नाताळात ये, ओडेटला घेऊन ये, कोणत्याही रंगाचे कपडे घाला. पण नाताळ अजून लांब आहे, आणि त्याला एक गोष्ट हवी आहे. परवा त्यानं मला फोनकडे नेलं, मग छातीवर हात ठेवला, मग उत्तरेकडे बोट दाखवलं. मला कळायला वेळ लागला. मी म्हटलं, अरे, तू बोलणार काय? त्यानं मान हलवून आपल्या कानावर बोट ठेवलं.

तर रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर तुमच्या घराखालच्या कॅफेत फोनजवळ थांब. मी ऑपरेटरकडून फोन जोडून घेईन आणि रिसीव्हर त्याच्या हातात देऊन स्वयंपाकघरात जाईन. पलीकडून कोणी बोललं नाही म्हणून ठेवून देऊ नकोस. नीट ऐकलंस तर श्वास ऐकू येईल, जरा शीळ घातल्यासारखा. काय बोलायचं याचा विचार करू नकोस. कुठल्या दाराला कुठलं लाकूड लावलंस ते सांग, ओडेट काय रांधते ते सांग, बाबांची एखादी दवंडी म्हण. तो हसेल, ते तुला ऐकू येणार नाही. तरी थांबू नकोस. दोघांच्याही वाटचं तूच बोल.

कासिल्दा